आठ मुले, बारा दोऱ्या

सोलापुरातील सात रस्ता चौकात नवखा माणूस पानवाल्याला पत्ता विचारतो. पानवाला साऱ्या शहराचा नकाशा समजावीत नाही. "हा रस्ता धरा, पुढच्या चौकात विचारा," एवढेच सांगतो. संगणकांच्या जाळ्यात राउटर हे यंत्र हेच काम करते. संदेशाचे लहान तुकडे करून प्रत्येकावर पत्ता व क्रमांक घातलेला असतो. राउटर पत्ता वाचून तुकडा पुढच्या राउटरकडे धाडतो. एक रस्ता बंद पडला तर दुसऱ्याने. मुक्कामी पोहोचल्यावर क्रमांकानुसार तुकडे जुळवले जातात.

पण दुसरा रस्ता असायला तर हवा! तो आधीच योजून ठेवणे हे जाळ्याच्या रचनाकाराचे काम.

आपल्याकडे 1986 साली 'अर्नेट' प्रकल्प सुरू झाला. मुंबईचे राष्ट्रीय सॉफ्टवेअर तंत्रज्ञान केंद्र, बंगळूरची भारतीय विज्ञान संस्था, पाच आयआयटी आणि केंद्राचा इलेक्ट्रॉनिक्स विभाग अशा आठ ठिकाणांना जोडायचे होते. मुंबईच्या केंद्राचे प्रमुख डॉ. श्रीनिवासन रमणी यांचा त्यात मोठा वाटा होता. संदेश वाहून नेणाऱ्या कमी उंचीवरील उपग्रहाची कल्पनाही त्यांनी 1982 मध्ये एका सहकाऱ्यासह मांडली होती. 2014 साली 'इंटरनेट हॉल ऑफ फेम'मध्ये त्यांचा समावेश झाला.

रचनाकारापुढचा पेच वर्गात दाखवता येतो. आठ मुलांना गोल उभे करू. प्रत्येकाला प्रत्येकाशी दोरीने जोडायचे तर आठ गुणिले सात भागिले दोन, म्हणजे 28 दोऱ्या लागतात. खर्च फार! सर्वांना मधल्या एकाशी जोडले तर सातच पुरतात. पण एक तुटली की एक मूल एकटे पडते. वर्तुळात जोडले तर आठ लागतात. एक तुटली तरी सगळे जोडलेलेच राहतात, मात्र तुटल्या जागेच्या शेजाऱ्याला चिठ्ठी पोचवायला सात टप्पे घ्यावे लागतात. दोन तुटल्या तर जाळ्याचे दोन भाग होतात.

मग कोणत्याही दोन दोऱ्या तुटल्या तरी चालेल, असे जाळे कमीत कमी किती दोऱ्यांत होईल? प्रत्येकाकडे निदान तीन दोऱ्या हव्यात, म्हणजे एकूण बारा. वर्तुळात समोरासमोरच्या मुलांना जोडणाऱ्या चार दोऱ्या वाढवल्या की काम झाले. पण हे उत्तर लगेच सांगू नये. दोऱ्या मुलांच्या हाती द्याव्यात, कापायला कात्रीही द्यावी. रचनाकाराची खरी आवड तिथेच रुजते.