जुन्या प्रोग्रॅमांनी ठरवला विजेता

इंटेल आणि एचपी यांनी मिळून घडवलेला इटॅनियम हा ६४ बिटांचा प्रोसेसर २००१ मध्ये आला. रचना पूर्ण नवी. ३२ बिटांचे जुने प्रोग्रॅम त्यावर रखडत चालत.

एएमडीने उलट वाट धरली. २००३ मध्ये आधी ऑप्टेरॉन, मग डेस्कटॉपसाठी अ‍ॅथलॉन ६४ आणून तिने जुन्याच एक्स८६ रचनेला ६४ बिटांची जोड दिली. लोकांच्या हातातले सॉफ्टवेअर पूर्ण वेगाने चालत राहिले आणि ४ जीबीपलीकडच्या मेमरीची वाटही मोकळी झाली. शहाणपणाचा निर्णय हाच होता! २००४ मध्ये इंटेललाही तो मार्ग पत्करावा लागला. इटॅनियमची शेवटची खेप २०२१ मध्ये गेली.

झळ बसली ती डॉसच्या जमान्याला. ६४ बिटांच्या विंडोजवर १६ बिटांचे प्रोग्रॅम थेट चालत नाहीत. त्यांना डॉसबॉक्ससारख्या एम्युलेटरचा आधार लागतो.