टिटवी, घुबड, बगळा... आणि समुद्रातले सुरुंग

पहिल्या महायुद्धात अमेरिकी नौदलाने सुरुंग काढणारी जहाजं बांधली आणि त्यांना चक्क पक्ष्यांची नावं दिली! जहाजांच्या या वर्गाचं नाव 'लॅपविंग', म्हणजे आपली टिटवी. त्यात घुबड, बगळा, कबूतर, ससाणा, खंड्या असे सगळेच होते. युद्धनौकांची नावं कशी भारदस्त असतात. मला मात्र हीच आवडतात.

काम जिवावरचं. स्कॉटलंडजवळची ऑर्कनी बेटं ते नॉर्वे या समुद्रपट्ट्यात जवळपास ७०,००० सुरुंग पेरलेले होते. १९१९ मध्ये ते काढायला हीच पाखरं गेली. दोन जहाजं समांतर चालायची, मध्ये पाण्याखालून पोलादी दोर ओढलेला. त्या दोराने सुरुंगाचा नांगरदोर तुटला की सुरुंग वर यायचा, मग तो बंदुकीने उडवायचा. खरी गोम अमेरिकी सुरुंगांत होती. त्यांना तांब्याची लांब तार जोडलेली असे. जहाजाचा पोलादी तळ तिला नुसता लागला तरी स्फोट! म्हणून आधी लाकडी जहाजं पाठवून चाचणी घेतली.

यातल्या 'क्वेल'ची, म्हणजे लावा पक्ष्याची, गोष्ट तर अफाटच. दुसऱ्या महायुद्धात, मे १९४२ मध्ये, फिलिपाइन्समधलं कॉरेगिडॉर बेट जपान्यांच्या हाती पडलं, तेव्हा शत्रूच्या हाती लागू नये म्हणून खलाशांनीच ती बुडवली. मग तिचे कप्तान जॉन मॉरिल आणि १७ जण ३६ फुटी मोटरबोटीत बसले, जपानी ताब्यातल्या समुद्रातून सुमारे २,००० मैल कापत निघाले आणि ६ जूनला ऑस्ट्रेलियात डार्विनला पोचले. अठराच्या अठरा, जिवंत.