गिरणी संप आणि मालवण किनाऱ्यावरील चाकरमानी कुटुंबे : एक विवेचन

दक्षिण वेल्समधील कोळसा खाणींचा सामाजिक इतिहास अभ्यासताना एक बाब ठळकपणे जाणवते. तेथे खाण आणि वस्ती एकाच दरीत होती. मार्च १९८४ ते मार्च १९८५ या काळात ब्रिटनमधील खाणकामगारांनी संप केला, तेव्हा खाणीच्या दारात उभे राहणारे पुरुष आणि सामुदायिक स्वयंपाकघरे चालविणाऱ्या स्त्रिया एकाच गावच्या होत्या. त्यापूर्वी, १८ जानेवारी १९८२ रोजी, सुरू झालेल्या मुंबईच्या गिरणी संपाची रचना मात्र निराळी होती. कामगार परळ-लालबागला आणि त्याचे कुटुंब मालवण, देवगड वा वेंगुर्ल्याच्या एखाद्या वाडीत. संप मुंबईत झाला, पण तो निभावण्याचा भार मोठ्या प्रमाणावर कोकणाने उचलला. या दुसऱ्या बाजूचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

मुंबईत कापड गिरणीची पहिली यशस्वी कंपनी कावसजी नानाभाई दावर यांनी १८५४ मध्ये स्थापन केली. पुढील अर्धशतकात गिरण्यांना लागणारे मनुष्यबळ प्रामुख्याने तत्कालीन रत्नागिरी जिल्ह्याने पुरविले. १९११ च्या सुमारास जवळपास निम्मे गिरणी कामगार याच जिल्ह्यात जन्मलेले होते. भातशेतीयोग्य जमिनीची टंचाई, डोंगरउतारावरील वरकस जमीन आणि खोतीचा जाच ही त्याची कारणे सर्वपरिचित आहेत. १९४९ च्या कायद्याने खोती संपली, तरी तुकड्यातुकड्यांची शेती संपली नाही. किनाऱ्यावरील आगबोटींनी मुंबई जवळ आणली आणि विणाई खात्यात कोकणी माणसाने आपले स्थान निर्माण केले.

या स्थलांतराचे अर्थकारण नीट समजून घेणे आवश्यक आहे. चाकरमानी गाववाल्यांच्या खोलीत राही. दिवसपाळीचा मनुष्य उठून गेला की रात्रपाळीचा त्याच जागी पाठ टेकी. जेवण खानावळीत, बहुधा उधारीवर. बायकामुले गावी. म्हणजे गिरणीमालक एका माणसाच्या निर्वाहापुरती मजुरी देई, तर मुलांचे संगोपन, आजारपण आणि म्हातारपण हे सारे गावची शेती आणि तेथील स्त्रियांचे कष्ट सांभाळीत. मनीऑर्डरीचे कौतुक पुष्कळ झाले आहे. ती ज्या श्रमांच्या आधारावर उभी होती त्यांचे फारसे झालेले नाही.

गावाशी नाते टिकविणारा कामगार हा अर्धा शेतकरीच, त्याच्यात औद्योगिक शिस्त व संघटनवृत्ती कमी, असे मत अनेकदा मांडले गेले. प्रस्तुत लेखकास ते पटत नाही. १९२८ चा संप सुमारे सहा महिने चालला. ज्याला गावी परतून पेज-भात मिळण्याची आशा होती, तोच इतके दिवस पगाराविना राहू शकत होता.

१९८२ मध्ये हाच आधार पुन्हा कामी आला; मात्र तो पुरा पडला नाही. सुमारे अडीच लाख कामगार डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली बाहेर पडले. वेतनवाढीबरोबरच बदली कामगारांना कायम करणे ही मागणी होती. १९४६ च्या औद्योगिक संबंध कायद्यानुसार राष्ट्रीय मिल मजदूर संघ हीच मान्यताप्राप्त संघटना असल्याने वाटाघाटींचा मार्ग अवघड झाला. अनेकजण गावी परतले. पण आता तेच भात अधिक तोंडांना पुरवायचे होते आणि मनीऑर्डर थांबली होती. दुकानदाराची उधारी, मुलांचे शिक्षण, औषधपाणी यांसाठी रोख पैसाच लागे. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ रोजी अस्तित्वात आला होता. परतलेल्या कुशल विणकराला सामावून घेईल असा उद्योग या नव्या जिल्ह्यात नव्हता. माग चालविणारा हात पुन्हा नांगराकडे वळला, किंवा रिकामा राहिला.

संप अधिकृतपणे कधीच मागे घेतला गेला नाही. वेल्समध्ये टॉवर कोलियरीच्या कामगारांनी भरपाईची रक्कम एकत्र करून १९९५ मध्ये खाण स्वतः घेतली व ती २००८ पर्यंत चालविली. मुंबईत गिरण्यांपेक्षा त्यांच्या जमिनीला मोल आले. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीतील तरतूद २००१ मध्ये बदलली गेली आणि घरांसाठी व मोकळ्या जागांसाठी मिळू शकणारी जमीन बरीच घटली. घरांची सोडत २०१२ मध्ये निघाली तेव्हा अर्जदार सुमारे दीड लाख होते.

या अर्जांसाठी गिरणीत काम केल्याचा पुरावा लागतो. त्यामुळे गावोगावच्या पेट्यांतून तिकीट क्रमांक, पगाराच्या चिठ्ठ्या, भविष्यनिर्वाह निधीची कागदपत्रे बाहेर निघाली. चाकरमान्याच्या इतिहासाची ही अस्सल साधने होत. ज्या स्त्रियांनी मागे राहून शेत लावले, त्यांचे नाव या कागदांत आढळते ते बहुधा वारसाच्या रकान्यात.