जर्क चिकन म्हणजे नुसता तिखट मसाला नाही : जमैकाच्या डोंगरातली ही डिश घरी कशी करायची?

जमैका म्हटलं की आपल्याला तीन नावं आठवतात. बॉब मार्ली, उसेन बोल्ट आणि ख्रिस गेल. खाण्याचा विषय निघाला की मात्र एकच, जर्क चिकन. रील्समध्ये तुम्ही ते पाहिलं असेल. उभ्या चिरलेल्या लोखंडी पिंपात निखारे, वर काळपट लाल चिकन, सगळीकडे धूर आणि कोयत्याने खटाखट तुकडे करणारा माणूस.

आता हे आपल्याकडच्या कॅफेच्या मेन्यूतही दिसायला लागलंय. पण बऱ्याचदा होतं काय, तंदुरीच्या मसाल्यात जरा जास्त मिरची आणि थोडी साखर घालायची, की झालं जर्क चिकन. तिखट लागतं, चांगलंही लागतं, पण ते जर्क नसतं.

मग जर्क म्हणजे नेमकं काय? आणि फ्लॅटमध्ये राहणाऱ्या माणसाला ते घरी जमेल का? एकेक करून बघू.

सुरुवात लपून राहणाऱ्या माणसांपासून

1655 मध्ये इंग्रजांनी जमैका बेट स्पॅनिश लोकांकडून जिंकून घेतलं. स्पॅनिशांनी आफ्रिकेतून पकडून आणलेले गुलाम तिथे होते. या गोंधळात त्यातले बरेच जण निसटले आणि डोंगरात शिरले. पुढे इंग्रजांच्या ऊसमळ्यांतून पळालेले लोकही त्यांना येऊन मिळत गेले. या लोकांना 'मरून' म्हणतात. रंगाशी या नावाचा संबंध नाही. पळून रानात गेलेल्या जनावरासाठी स्पॅनिशमध्ये 'सिमारोन' असा शब्द होता, त्यावरून हे नाव आलं.

डोंगरात रानडुकरं भरपूर होती. मांस टिकवायचं तर मीठ, मिरची आणि धूर हेच उपाय. मांस मसाल्यात मुरवून मंद धुरावर भाजायची रीत बेटावरच्या मूळच्या ताईनो लोकांकडे होती. तिच्यात आफ्रिकेतून आलेल्या लोकांची पद्धत मिसळली आणि त्यातून जर्क तयार झालं. इंग्रज सैन्य मागावर असायचं, त्यामुळे उघड्यावर जाळ करणं म्हणजे स्वतःचा पत्ता देणं. म्हणून जमिनीत खड्डा करून, वरून झाकून, मांस हळूहळू शिजवलं जायचं असं सांगितलं जातं.

इंग्रजांना हे लोक काही हरवता आले नाहीत. शेवटी 1739 मध्ये त्यांना मरून लोकांशी तह करावा लागला. या लढ्यातली नेता क्वीन नॅनी आज जमैकाची राष्ट्रीय वीर आहे आणि तिथल्या 500 डॉलरच्या नोटेवर तिचं चित्र आहे.

'जर्क' हा शब्द दक्षिण अमेरिकेतल्या केचुआ भाषेतल्या 'चार्की' या शब्दापर्यंत नेला जातो. त्याचा अर्थ सुकवलेलं मांस. म्हणजे सुरुवातीचं जर्क डुकराचं होतं, चिकन नंतर आलं. पूर्व किनाऱ्यावरचं बोस्टन बे हे गाव आजही जर्कसाठी ओळखलं जातं.

वाद एका भाताच्या पाकिटावरून

2018 मध्ये ब्रिटनचा प्रसिद्ध शेफ जेमी ऑलिव्हर याने 'पंची जर्क राइस' नावाचा तयार भात बाजारात आणला. आईवडील जमैकाचे असलेल्या ब्रिटिश खासदार डॉन बटलर यांनी त्यावर जाहीर टीका केली. लोकांनी पाकिटावरची यादी वाचली, तर जर्कचे मुख्य घटकच त्यात नव्हते. ही प्रेरणा कुठून आली हे सांगण्यासाठी नाव वापरलं, असं ऑलिव्हरचं म्हणणं होतं.

दुसऱ्याचा पदार्थ करू नये, असा याचा अर्थ नाही. शेंगदाण्याऐवजी काजू घातलेल्या सुक्या चटणीला कुणी 'सोलापुरी' म्हटलं तर आपल्याला जे वाटेल, तेच जमैकातल्या लोकांना वाटलं. नाव घ्यायचं तर निदान गाभा तरी ठेवा, एवढंच.

जर्कचा गाभा तीन गोष्टींचा आहे.

पहिली गोष्ट : पिमेंटो, म्हणजेच ऑलस्पाइस

हा एकाच झाडाचा मसाला आहे. नावामुळे अनेकांना ते मसाल्यांचं मिश्रण वाटतं, पण तसं नाही. या एका फळात लवंग, दालचिनी आणि जायफळ अशा तिघांचा वास येतो म्हणून इंग्रजांनी त्याला ऑलस्पाइस म्हटलं. स्पॅनिशांना ते काळ्या मिरीसारखं वाटलं, म्हणून त्यांनी मिरीचंच नाव दिलं आणि त्याचं झालं पिमेंटो. लवंग, जांभूळ आणि पेरू ज्या कुळातले, त्याच कुळातलं हे झाड.

आपल्याकडे ते मिळतं. कोकणातल्या रोपवाटिकांमध्ये 'ऑल स्पाइस' नावाने याची रोपं विकायला असतात आणि अनेक जण त्याची पानं पुलाव-बिर्याणीत घालतात. किराणा दुकानात 'कबाबचिनी' मागितली तरी मिळू शकतं, पण तिथे घोळ आहे. याच नावाने कंकोळही विकतात. दाण्याला बारीक शेपटीसारखा देठ असेल तर ते कंकोळ, ते घेऊ नका.

दुसरी गोष्ट : स्कॉच बॉनेट मिरची

टोपीसारख्या आकाराची ही मिरची साधारण 1 लाख ते 3.5 लाख स्कोव्हिल इतकी तिखट असते. पण तिखटपणाइतकाच तिला फळासारखा गोडसर वासही असतो. आपल्याकडे ती सहज मिळत नाही. हाबानेरो मिळाली तर उत्तम. सिक्कीमकडची गोल डल्ले मिरचीही जवळची आहे. दोन्ही नसतील तर लवंगी मिरची घ्या आणि सोबत पिकलेल्या लाल ढोबळी मिरचीचा तुकडा वाटा. अगदी तोच वास येणार नाही, पण नुसत्या लाल तिखटापेक्षा कितीतरी बरं.

तिसरी गोष्ट : मंद आच आणि धूर

तंदुरी आणि जर्क यांच्यातला खरा फरक इथे आहे. तंदूर प्रचंड तापलेला असतो, त्यात चिकन झटपट होतं. जर्क मात्र झाकणाखाली, मध्यम आचेवर, सावकाश होतं. जमैकात त्यासाठी पिमेंटोचंच लाकूड वापरतात, त्यामुळे मसाल्याचा आणि धुराचा वास एकच होतो. ते लाकूड आपल्याकडे मिळणार नाही. त्याऐवजी मूठभर ऑलस्पाइसचे दाणे अर्धा तास पाण्यात भिजवून निखाऱ्यांवर टाका. झाडाची पानं मिळाली तर तीही टाका.

आता करायचं कसं?

एक किलो चिकनसाठी हे घ्या :

- ऑलस्पाइसचे दाणे, एक मोठा चमचा (हलके भाजून कुटलेले)
- पातीच्या कांद्याच्या 5-6 काड्या आणि एक छोटा कांदा
- लसणाच्या 6 पाकळ्या, इंचभर आलं
- 2 हाबानेरो किंवा 4-5 लवंगी मिरच्या
- वाळलेला थाइम, 2 छोटे चमचे
- मिरपूड 1 छोटा चमचा, दालचिनी पूड अर्धा चमचा, थोडं किसलेलं जायफळ
- गूळ 1 मोठा चमचा, सोया सॉस आणि तेल प्रत्येकी 2 मोठे चमचे
- एका लिंबाचा रस, दीड छोटा चमचा मीठ

थाइम नसेल तर कुंडीतल्या पानओव्याकडे बघा. आपण ज्याची भजी करतो, तीच वनस्पती कॅरिबियनमधल्या अनेक बेटांवर 'जाड पानांचा थाइम' म्हणून स्वयंपाकात वापरतात. 4-5 पानं पुरेत.

चिकन घेताना दुकानदाराला 'स्किन ठेवा' असं आधीच सांगा, कारण आपल्याकडे ते सहसा सोलूनच देतात. सालीमुळे मांस कोरडं पडत नाही. मांडी आणि तंगडीचे तुकडे घ्या, छातीचा भाग लवकर वातड होतो.

वाटण बरंच असलं तरी मसाला मांसात फार खोल जात नाही. म्हणून हाडापर्यंत चिरा द्या आणि साल थोडी उचलून आतही मसाला चोळा. मिरची वाटताना आणि चोळताना हातमोजे घाला, नाहीतर रात्री डोळा चोळल्यावर कळेल. मग झाकून फ्रिजमध्ये 8 ते 24 तास ठेवा. ओट्यावर नाही, फ्रिजमध्येच.

*निखाऱ्यांवर :* सगळे निखारे एका बाजूला करा आणि चिकन दुसऱ्या बाजूला ठेवा. झाकण लावा. मसाल्यात गूळ आहे, थेट जाळावर ठेवलं तर बाहेरून जळेल आणि आतून कच्चं राहील. 45 मिनिटं ते तासभर लागेल, मधे एक-दोनदा उलटा. शेवटची काही मिनिटं निखाऱ्यांवर घेऊन साल कुरकुरीत करा.

*ओव्हनमध्ये :* 180 अंशांवर 40-45 मिनिटं, मग वरची आच मोठी करून 4-5 मिनिटं.

*गॅसवर :* जाड बुडाच्या कढईत झाकून मंद आचेवर शिजवा, मग जाळीवर भाजा. शेवटी आपली जुनी युक्ती. वाटीत एक लाल निखारा, त्यावर तूप आणि कुटलेलं ऑलस्पाइस, पातेल्यात ठेवून 5 मिनिटं झाकण. खड्ड्यातलं जर्क नाही होणार, पण वास ओळखू येईल.

हे मात्र चुकवू नका

काळपट रंग बघून चिकन झालं असं समजू नका. जर्क आधीच काळपट दिसतं. सर्वात जाड तुकड्याच्या मधोमध तापमान 74 अंश सेल्सिअस झालं पाहिजे, तरच साल्मोनेलासारखे जिवाणू मरतात. स्वयंपाकाचा थर्मामीटर ऑनलाइन सहज मिळतो. तो नसेल तर हाडाजवळ चिरून बघा. मांस हाडापासून सुटायला हवं आणि पाणी स्वच्छ यायला हवं.

कच्चं चिकन ज्यात मुरवलं तो मसाला वरून तसाच ओतू नका. चटणी म्हणून हवा असेल तर आधीच वाटीभर बाजूला काढा, किंवा चांगला उकळून घ्या.

आणि सगळ्यात महत्त्वाचं, कोळशाची शेगडी खोलीत किंवा काचा लावलेल्या बाल्कनीत पेटवू नका. जळत्या कोळशातून कार्बन मोनॉक्साइड बाहेर पडतो. त्याला वास नसतो, रंग नसतो. माणसाला आधी डोकं दुखल्यासारखं होतं, गुंगी येते, आणि जीव जाऊ शकतो. गच्ची किंवा अंगण असेल तरच शेगडी. नसेल तर ओव्हन बरा. गॅसवर छोटा निखारा वापरतानाही खिडकी उघडी आणि एक्झॉस्ट चालू ठेवा, आणि काम झालं की निखारा पाण्यात विझवा.

सोबत काय? जमैकात पाव किंवा 'फेस्टिव्हल' नावाचे मक्याच्या पिठाचे गोडसर तळलेले गोळे देतात. आपल्याकडे साधा लादीपाव, लिंबू आणि कोबीची कोशिंबीर चालेल. त्याने जर्कच्या जर्कपणाला काही धक्का लागत नाही. फक्त ऑलस्पाइस वगळू नका. तो वगळला तर पदार्थाला दुसरं नाव द्या.