युनियन मालक ठरवत नाही, गेटवरचा झेंडाही ठरवत नाही

खर्डी आणि कसारा यांच्या मधलं उंबरमाळी हे मध्य रेल्वेचं छोटं स्थानक. इथून लोकल पकडून कुणी आसनगाव-वासिंदच्या कारखान्यांत पाळीला जातं, कुणी रेल्वेच्याच रुळांवर राबतं. शेजारच्या मुरबाडला एमआयडीसी आहे. या पट्ट्यात एक समज पक्का रुजलेला आहे : साहेब ज्या युनियनला बोलावून चहा पाजतात, तीच खरी युनियन. हा समज चुकीचा आहे आणि त्यापायी कामगार आपला हक्क हातचा घालवतात.

दुसरा समज याच्या अगदी उलट. गेटवर झेंडा लागला, पाटी लागली, नोंदणीचा दाखला आला की युनियन झाली! दाखल्याने संघटना कायद्याच्या नजरेत अस्तित्वात येते, एवढंच. एका कारखान्यात अशा तीन-चार नोंदलेल्या युनियन असू शकतात. सगळ्या कामगारांच्या वतीने पगारवाढीचा करार कुणी करायचा, हा प्रश्न मान्यतेचा आहे आणि मान्यता ही वेगळी पायरी आहे.

त्यासाठी महाराष्ट्राने 1971 साली स्वतंत्र कायदा केला. तो 8 सप्टेंबर 1975 पासून अमलात आला. नाव लांबलचक असल्यामुळे सगळे त्याला एमआरटीयू म्हणतात. त्याचा मान्यतेचा भाग 50 किंवा जास्त कामगार असलेल्या आस्थापनांना लागू होतो. मान्यता मालक देत नाही, औद्योगिक न्यायालय देतं. आपल्या जिल्ह्यासाठी ते ठाण्यात आहे. अर्ज करणाऱ्या युनियनकडे अर्जाच्या महिन्याआधीचे सलग सहा महिने एकूण कामगारांपैकी किमान 30 टक्के सभासद असावे लागतात. न्यायालय नोटीस काढतं, इतर युनियन, कामगार आणि मालक यांच्या हरकती ऐकतं, तपासणी अधिकाऱ्याकडून कागद तपासून घेतं आणि एका वेळी एकाच युनियनला मान्यता देतं.

इथेच बहुतेकांची गाडी अडते. गेट मीटिंगला पाचशे माणसं जमली, हा पुरावा नव्हे. पुरावा म्हणजे पावतीपुस्तक, सभासद नोंदवही, बँकेतला भरणा आणि कार्यकारिणीच्या बैठकांचं इतिवृत्त. वर्गणी महिन्याला किमान 50 पैसे असावी आणि कार्यकारिणीची बैठक तीन महिन्यांत एकदा तरी व्हावी, इतकं बारीक कायद्याने लिहून ठेवलं आहे. सहा महिन्यांच्या पावत्या एका रात्रीत फाडणाऱ्यांचं पितळ उलटतपासणीत उघडं पडतं, आणि पडायलाच हवं. दोन युनियननी आपसात समझोता करून मान्यतेची अदलाबदल करायची सोयही नाही. भांडुपच्या ऑटोमोबाइल प्रॉडक्ट्स ऑफ इंडियाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1990 साली सांगितलं, की संमतीने मान्यता देता येत नाही, सभासदत्वाची चौकशी करावीच लागते.

मग मालकाचं काम काय? हरकत असेल तर ती न्यायालयापुढे मांडायची आणि मान्यता मिळालेल्या युनियनशी प्रामाणिकपणे वाटाघाटी करायच्या. तशा वाटाघाटी नाकारणं ही अनुचित कामगार प्रथा आहे. आपल्या मर्जीतली युनियन उभी करणं, तिला पैसा पुरवणं, हीसुद्धा. मान्यता नसलेली युनियन मात्र अगदीच निकामी नसते. सभासदाची बडतर्फी किंवा निलंबन यावर ती मालकाशी बोलू शकते, खातेनिहाय चौकशीत त्याच्या बाजूने उभी राहू शकते.

‘मतदान घ्या ना, दूध का दूध होईल,’ असं तरुण कामगार म्हणतात. रेल्वेत तसंच होतं. 2007, 2013 आणि डिसेंबर 2024 मध्ये युनियनच्या मान्यतेसाठी गुप्त मतदान झालं. मध्य रेल्वेवर नॅशनल रेल्वे मजदूर युनियन आणि सेंट्रल रेल्वे मजदूर संघ या जुन्या प्रतिस्पर्धी संघटना त्यात उतरतात. म्हणजे एकाच लोकलने जाणाऱ्या दोघांपैकी रेल्वेचा ट्रॅकमन मत देतो आणि कारखान्यातल्या कामगाराचं मत पावतीवरून मोजलं जातं. मला स्वतःला गुप्त मतदानच अधिक न्याय्य वाटतं. पावती मुकादमाच्या समोर फाडावी लागते, मतपत्रिकेवर शिक्का एकट्याने मारता येतो.

कागदावरचं बहुमत आणि रस्त्यावरचं बहुमत यांची फारकत झाली तर काय होतं, हे मुंबईने पाहिलं आहे. कापड गिरण्यांना 1946 चा मुंबई औद्योगिक संबंध कायदा लागू होता. त्याखाली 25 टक्के सभासदांवर एखादी संघटना अख्ख्या धंद्याची प्रातिनिधिक युनियन होऊ शकत असे. तो दर्जा राष्ट्रीय मिल मजदूर संघाकडे होता. 18 जानेवारी 1982 ला कामगार नेते दत्ता सामंत यांच्या मागे सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले. हा कायदाच रद्द करा, ही त्यांची एक मुख्य मागणी होती. बोलणी फक्त प्रातिनिधिक युनियनशीच, ही सरकार आणि गिरणीमालकांची भूमिका शेवटपर्यंत बदलली नाही. गिरणगाव उद्ध्वस्त होण्यामागे इतरही कारणं होती, पण हा पेच त्यातलं मोठं कारण होतं.

आणखी एक गैरसमज ठेकेदारीतल्या कामगारांचा. ‘आम्ही याच मशीनवर दहा वर्षं आहोत, म्हणजे आमचीही मोजणी कंपनीत होणार.’ पण कंपनीने मालक-कामगार हे नातंच नाकारलं तर ते एमआरटीयूखाली सिद्ध करता येत नाही. सिप्ला आणि कल्याणी स्टील्सच्या प्रकरणांत 2001 साली सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं. आपण कंपनीचेच कामगार आहोत, हे आधी दुसऱ्या मार्गाने ठरवून घ्यावं लागतं. ज्यांना युनियनची सर्वांत जास्त गरज, तेच मोजणीच्या बाहेर राहतात, हा मोठा अन्याय आहे.

आता केंद्राची औद्योगिक संबंध संहिता, 2020 ही 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू झाली आहे. तिच्यात माप वेगळं आहे. अनेक युनियन असतील तर हजेरीपटावरचे 51 टक्के कामगार जिच्यामागे, ती एकमेव वाटाघाटी युनियन. तसं कुणाकडेच नसेल तर किमान 20 टक्के पाठिंबा असलेल्या युनियनची मिळून परिषद. म्हणून अर्ज करण्याआधी ठाण्याच्या कामगार उपायुक्त कार्यालयात जाऊन तो कोणत्या कायद्याखाली करायचा, हे विचारून घ्या. तोवर दरमहा वर्गणी भरा, तारखेची पावती मागून घ्या आणि ती जपून ठेवा.