मातीच्या बाहुल्यांतून उभे राहिलेले बालपण

17 एप्रिल 1975 रोजी ख्मेर रूजच्या बंदूकधारी तरुणांनी कंबोडियाची राजधानी नॉम पेन्ह ताब्यात घेतली आणि सारे शहर रिकामे करण्याचा हुकूम सोडला. रुग्णालयांतील रुग्णांनाही खाटांवरून उठवून रस्त्यावर काढण्यात आले. त्या लोंढ्यात शिक्षण खात्यातील एका वरिष्ठ अधिकाऱ्याचा मुलगा होता, रिथी पान्ह. दुसऱ्याच दिवशी त्याला अकरा वर्षे पूर्ण होणार होती.

नव्या राजवटीने बाजार बंद केले, खासगी मालमत्ता संपवली आणि चलनच रद्द केले. मध्यवर्ती बँकेची इमारत स्फोटकांनी उडवून देण्यात आली. चीनमध्ये नव्या नोटा छापून घेतलेल्या होत्या, परंतु त्या व्यवहारात कधी आल्याच नाहीत. नाणे नाही, तराजू नाही, उधारी नाही, म्हणजे शोषणही नाही, असा तो सिद्धान्त. पेढीवर बसलेल्या कोणालाही त्यातील फोलपणा तत्काळ उमगेल. पैसा गेला तरी सत्ता गेली नाही. ज्याच्या हाती भाताची पळी, तोच धनी ठरला. पुढे 1980 मध्ये रिएल हे चलन पुन्हा सुरू झाले, तेव्हा बदलून घ्यायला लोकांजवळ जुने काहीच नव्हते. सरकारला नव्या नोटा चक्क फुकट वाटाव्या लागल्या.

पावणेचार वर्षांच्या त्या काळात सुमारे 17 लाख माणसे उपासमार, अतिश्रम, आजार आणि हत्या यांना बळी पडली. रिथीचे आईवडील आणि अनेक आप्त त्यांत गेले. जनावरांच्या लायकीचे अन्न खाणार नाही, असे म्हणून वडिलांनी जेवणच सोडले होते. 1979 मध्ये हा मुलगा थायलंडमधील निर्वासित छावणीत पोहोचला व तेथून पॅरिसला गेला. तेथे तो सुतारकाम शिकत होता. एका समारंभात कोणीतरी त्याच्या हाती व्हिडिओ कॅमेरा दिला आणि आयुष्याची वाट बदलली. नंतर त्याने चित्रपटाचे रीतसर शिक्षण घेतले.

त्यांचा पहिला माहितीपट 'साइट टू' 1989 चा. तो थायलंडच्या सीमेवरील निर्वासित छावणीतील एका आईभोवती फिरतो. 1990 मध्ये ते मायदेशी परतले, मात्र पॅरिसचे घर त्यांनी सोडले नाही. भातशेती करणाऱ्या कुटुंबाच्या वाताहतीवरील 'राइस पीपल' 1994 मध्ये कान महोत्सवाच्या स्पर्धा विभागात दाखल झाला.

त्यांची सर्वांत धाडसी कृती 'एस-21' ही होय. नॉम पेन्हमधील एका शाळेचा राजवटीने छळछावणी म्हणून वापर केला होता. तेथून जिवंत सुटलेल्या मोजक्यांपैकी वान नाथ हे चित्रकार आणि तेथील जुने पहारेकरी यांना पान्ह यांनी त्याच इमारतीत समोरासमोर आणले. एक पहारेकरी रिकाम्या खोलीत कड्या लावतो, नसलेल्या कैद्यांवर ओरडतो. दिग्दर्शक मध्ये पडत नाही, आवाज चढवीत नाही. सूडाचा पुरेपूर अधिकार असलेल्या माणसाने दाखविलेला हा संयम थक्क करणारा आहे.

स्वतःची कथा सांगायला मात्र त्यांना 2013 साल उजाडावे लागले. राजवटीने चित्रीकरण केले ते प्रचाराचे. उपाशी माणसांची छायाचित्रे कोण काढणार? म्हणून 'द मिसिंग पिक्चर'मध्ये त्यांनी मातीच्या लहान बाहुल्या करवून घेतल्या, रंगविल्या आणि त्यांच्या साहाय्याने गाव, शेत, छावणी उभी केली. वडिलांच्या बाहुलीला पांढरा सूट आणि गडद टाय आहे. छावणीत सर्वांना काळे कपडे सक्तीचे होते, हे ठाऊक असले म्हणजे त्या पांढऱ्या रंगाचा अर्थ कळतो. या चित्रपटाला कान येथे 'अं सर्तेन रगार' विभागाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले आणि कंबोडियाला पहिले ऑस्कर नामांकनही.

2006 मध्ये त्यांच्या पुढाकाराने नॉम पेन्हमध्ये बोफाना केंद्र सुरू झाले. बोफाना ही पतीला प्रेमपत्रे लिहिणारी तरुणी; तिला एस-21 मध्ये ठार मारण्यात आले. देशाबाहेर विखुरलेल्या जुन्या चित्रफिती व ध्वनिमुद्रणे यांच्या प्रती येथे जमा केल्या जातात. तरुणांना चित्रपटनिर्मितीचे प्रशिक्षण मिळते. कोणीही यावे, पडद्यासमोर बसावे आणि आजोबांच्या काळातील नॉम पेन्ह पाहावे. त्यासाठी एक रिएलही मोजावा लागत नाही.