खरेदीखताच्या आधीचे कागद

‘भावानं परस्पर जमीन विकली, खरेदीखत रद्द करून द्या,’ असं म्हणत पक्षकार येतात तेव्हा पिशवीत बहुधा तेवढं एक खरेदीखत असतं. तालुक्याच्या कोर्टात दिवाणी कामं करताना मी ते आधी बाजूला ठेवते. विक्री टिकणार की नाही, आणि टिकली तर किती, याचं उत्तर जुन्या कागदांत असतं.

सुरुवात सातबाऱ्यापासून. नावाशेजारी फेरफारांचे क्रमांक असतात. ते धरून मागे मागे जायचं. एका बहिणीच्या दाव्यात वडिलांच्या वारसनोंदीचा फेरफार असाच हाती लागला. भावाच्या नावापुढे ‘ए.कु.मॅ.’, म्हणजे एकत्र कुटुंबाचा मॅनेजर. दोन्ही बहिणींची नावं ‘इतर हक्कां’त. त्यापुढच्या फेरफारात लिहिलं होतं की, बहिणींचा हक्क नसल्याची वर्दी आल्याने नावे कमी केली. नोंदणीकृत हक्कसोडपत्राचा दस्त क्रमांक मात्र कुठेच नव्हता. दाव्याला पाया मिळाला तो इथे. फेरफार ही महसुली नोंद. तिच्यामुळे मालकी मिळत नाही आणि जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितलं आहे.

मग वंशावळ, प्रत्येकाच्या मृत्यूच्या तारखेसह. ‘आजोबांची जमीन म्हणजे वडिलोपार्जित, म्हणजे माझा जन्मापासून हिस्सा’ हा समज घरोघरी आहे. पण आजोबांनी स्वतः घेतलेली जमीन 1956 च्या हिंदू उत्तराधिकार कायद्यानंतर वारसाने वडिलांकडे आली, तर ती वडिलांची स्वतंत्र मिळकत ठरते. ती त्यांनी विकली तर नातवाचा दावा उभाच राहत नाही. मुलींना सहदायाद म्हणून जन्मसिद्ध हक्क आहे, आणि त्यासाठी 2005 च्या कायदादुरुस्तीच्या वेळी वडील हयात असण्याची गरज नाही, हे 2020 च्या विनीता शर्मा निकालाने पक्कं केलं. तरीही या हक्काच्या जोरावर 20 डिसेंबर 2004 पूर्वीची विक्री उलटवता येत नाही. वडिलांची वारस म्हणून मिळणारा हिस्सा ही वेगळी वाट; या बहिणीचा दावा तिथूनच गेला. आई आधीच गेलेली, त्यामुळे तिघा भावंडांना प्रत्येकी एक तृतीयांश.

खरेदीदाराचा बचाव ठरलेला होता: भाऊ कुटुंबाचा कर्ता, अडचण होती म्हणून विकली. ‘ए.कु.मॅ.’ ही अक्षरं दुधारी ती अशी. आमच्या बाजूने ती सांगतात की जमिनीत इतरही हिस्सेदार आहेत. समोरचा त्यांच्याच आधारे भावाला कर्ता म्हणतो. आमचं पहिलं उत्तर होतं की मिळकत वारसाहक्काने आलेली आहे, तिला कर्ता नसतो. पण तेवढ्यावर विसंबून चालत नाही. एकत्र कुटुंबाची मिळकत कर्त्याने विकली असेल, तर कायदेशीर गरज होती किंवा आपण प्रामाणिक चौकशी केली होती, हे सिद्ध करण्याचा भार खरेदीदारावर असतो. हे सूत्र 1856 च्या प्रिव्ही कौन्सिलच्या निकालापासून चालत आलं आहे. खतात ‘घरखर्च, कर्जफेड व मुलांचे शिक्षण याकामी’ ही साचेबंद ओळ होतीच. तिची परीक्षा उलटतपासात झाली.

‘कर्ज कोणत्या सोसायटीचं होतं?’
‘ते त्यांनाच माहीत.’
‘बेबाकी दाखला मागितलात?’
‘नाही.’
‘बहिणींना विचारलंत?’
‘त्यांचं नाव उताऱ्यावर नव्हतं.’

हे शेवटचं उत्तर मी कोर्टाला शब्दशः लिहून घ्यायची विनंती केली. नाव कमी कसं झालं, हे त्याने पाहिलंच नव्हतं.

दाव्यात मागायचं काय, हेही नीट ठरवावं लागतं. खतावर स्वतःची सही असेल आणि फसवणूक झाली असेल, तर ते रद्दच करून मागावं लागतं. मुदत तीन वर्षं, फसवणूक कळल्यापासून. सहीच नसेल तर ‘खरेदीखत माझ्या हिश्श्यावर बंधनकारक नाही’ असा ठराव आणि सोबत वाटप मागायचं. वडिलांनी केलेल्या वडिलोपार्जित जमिनीच्या विक्रीला मुलगा आव्हान देत असेल, तर खरेदीदाराने ताबा घेतल्यापासून बारा वर्षं मिळतात. दावा दाखल होताच दुय्यम निबंधकाकडे प्रलंबित दाव्याची नोटीस नोंदवायची आणि मनाई हुकमाचा अर्ज द्यायचा, नाहीतर निकाल लागेपर्यंत जमीन आणखी दोन हात फिरते.

निकालात खत रद्द झालं नाही. बहिणीच्या एक तृतीयांश हिश्श्यापुरतं ते बंधनकारक नाही, असं ठरलं. भावाचा हिस्सा खरेदीदाराकडे राहिला. दुसरी बहीण प्रतिवादी होती, तिचाही हिस्सा मोकळा झाला. सारा आकारलेल्या शेतजमिनीचं प्रत्यक्ष वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होतं, तेव्हा भांडण कोर्टातून मोजणीवर सरकलं. विहीर एकच, आणि ती रस्त्याच्या बाजूला. खरेदीदाराने तोच तुकडा मागितला. आम्ही विहीर व पाट सामाईक ठेवण्याची हरकत लेखी दिली. हुकूमनाम्यात एक तृतीयांश लिहिलेलं असलं, तरी पाण्याशिवाय त्या तुकड्याला गावात भाव मिळत नाही.